नव्व्याण्णव हजार गावं आणि एक देऊळ

दर एक मेला आमच्या फॅमिली ग्रुपवर एक फोटो येतो. तांबूस दगड, त्यावर जुन्या लिपीतल्या ओळी आणि वर भगव्या ठळक अक्षरांत मजकूर: चौदाशे वर्षांपूर्वीच्या शिलालेखात महाराष्ट्र! तीन महाराष्ट्रकं, ९९,००० गावं! हर्षवर्धनाला हरवणारा पुलकेशी! खाली जय महाराष्ट्र आणि तीन झेंडे. फोटो बहुतेक वेळा आत्या टाकते. कॉलेजात असल्यापासून मी तो इमानेइतबारे पुढच्या चार ग्रुपवर ढकलत आलोय.

मजकूर खोटा नाही. शिलालेख खरा आहे. तो शक ५५६ म्हणजे इसवी सन ६३४-३५ चा आहे. त्यात ‘महाराष्ट्रक’ हा शब्द आहे आणि ९९,००० गावांचा आकडाही आहे. माझी तक्रार वेगळी आहे. त्या फोटोला चारही बाजूंनी कात्री लावलेली आहे. कात्रीने जे बाहेर गेलं ते एक अख्खं देऊळ आहे. ते कोणाचं, कोणी बांधलं, कसं बांधलं, हे मी आठ-दहा वर्षांत एकदाही विचारलं नाही. तुम्ही विचारलंय?

मागच्या डिसेंबरात मी आणि माझा रूममेट बदामीला गेलो. मी आयटीवाला, तो चार वर्षं एमपीएससीचा अभ्यास करणारा. बदामीहून ऐहोळे साधारण पस्तीस किलोमीटर. वाटेत पट्टदकल लागतं. ऐहोळे गावात देवळांची एवढी दाटी आहे की दुपारपर्यंत आमचे पाय बोलायला लागले होते. तरी रूममेट म्हणाला, ‘‘मेगुती बघितल्याशिवाय जायचं नाही. दरवर्षी एक मार्क देतं ते.’’ गावाच्या कडेला टेकडी आहे. पायऱ्या चढून वर गेलो. पडक्या तटबंदीच्या आत, सपाट माथ्यावर, एकटं उभं देऊळ. आम्ही थेट पूर्वेकडच्या बाहेरच्या भिंतीशी गेलो, शिलालेख शोधला, झूम करून फोटो काढला. रूममेटने सेल्फी घेतला. ‘‘रविकीर्ती, पुलकेशी दुसरा, संस्कृत भाषा, ६३४. झालं,’’ तो म्हणाला आणि आम्ही पायऱ्यांकडे वळलो.

तिथला राखणदार सावलीत बसला होता. सोलापूरकडची मराठी थोडी यायची त्याला. त्याने विचारलं, ‘‘आत बघितलं का?’’

आम्ही आत गेलोच नव्हतो. सातशे किलोमीटर येऊन-जाऊन करायचे, टेकडी चढायची आणि देवळात पाऊलही न टाकता परत फिरायचं. मला त्या क्षणी जी लाज वाटली, तिच्यातून हा लेख आलाय.

*

आधी त्या लेखात काय आहे ते बघू. कारण गंमत अशी की ज्यांनी फोटो कापला त्यांनी लेखही कापलाच आहे.

एकूण १९ ओळी, ३७ श्लोक. भाषा संस्कृत, लिपी जुनी कन्नड. सुरुवात राजापासून होत नाही, जिनेंद्राच्या जयजयकाराने होते. मग चालुक्यांची वंशावळ येते. मग पुलकेशी: काका मंगलेशाशी झालेला झगडा, बनवासीचे कदंब, गंग, आळुप, कोकणातले मौर्य, पश्चिम समुद्रावरची पुरी नावाची नगरी, लाट, माळवा, गुर्जर. हर्षाचा ‘हर्ष’ भीतीने पळाला अशी कोटी. त्यानंतर महाराष्ट्रकं आणि ९९,००० गावं. पुढे कलिंग, कोसल, कांचीचे पल्लव. हा सगळा मधला भाग. गाइडमध्ये, फॉरवर्डमध्ये आणि भाषणांत जे येतं ते एवढंच.

त्यानंतर तारीख येते. आणि तारखेनंतर रविकीर्ती स्वतःबद्दल बोलतो. सत्याश्रयाच्या, म्हणजे पुलकेशीच्याच, कृपेला पात्र झालेल्या रविकीर्तीने हे जिनेंद्राचं दगडी घर उभारलं. या प्रशस्तीचा कर्ता आणि या जिनमंदिराचा करविता तोच. मग तो आपली तुलना कालिदास आणि भारवीशी करतो. अगदी शेवटी काही गावांची नावं आहेत. ही ९९,००० मधली गर्दी नव्हे. ज्यांचं उत्पन्न या देवळाला लावून दिलं होतं ती ही मोजकी गावं.

आता हा लेख कशाचा आहे? जिनाला नमस्काराने सुरू होतो, देवळाच्या उत्पन्नाशी संपतो, आणि मध्ये ‘कोणाच्या राज्यात बांधलं’ हे सांगताना राजाची स्तुती येते. हा देवळाच्या उभारणीचा लेख आहे. आपल्याकडे जुन्या वाड्यांच्या किंवा शाळांच्या दारावर कोनशिला असते ना, अमुक साहेबांच्या कारकिर्दीत, अमुक यांच्या देणगीतून? तशी कोनशिला. फक्त लिहिणारा जबरदस्त कवी होता, म्हणून साहेबांची स्तुती लांबली. आणि आपण काय केलं? साहेबांचं नाव पाठ केलं. शाळा कुठली ते विसरलो.

मराठीत आपण देवाला ‘कर्ता करविता’ म्हणतो. रविकीर्तीने स्वतःसाठी हीच जोडी वापरली आहे: लेखाचा कर्ता, देवळाचा करविता. दोन्ही कामं एकाच वाक्यात. त्याच्या डोक्यात कविता आणि इमारत ही दोन वेगळी खाती नव्हती. आपण कर्ता ठेवला आणि करविता डिलीट केला.

*

राखणदाराने हटकल्यावर आम्ही आत गेलो. नंतर बाहेर येऊन भिंतीभोवती दोनदा फिरलो. मी इंजिनिअर असलो तरी स्थापत्याचा नाही. डिग्रीला ड्रॉइंग हा विषय कसाबसा सुटला होता. तरीही नीट बघितलं तर दिसण्यासारखं खूप आहे, आणि त्यासाठी कोणाची डिग्री लागत नाही.

देऊळ उंच जोत्यावर आहे. जोत्याला आडव्या थरांची घडण आहे आणि भिंत एका सरळ रेषेत जात नाही. ती ठरावीक अंतराने पुढे येते, मागे जाते. जोतंही तिच्याबरोबर पुढे-मागे होतं. त्यामुळे उन्हात भिंतीवर उभ्या सावल्यांची लय तयार होते. भिंतीत उथळ खांब कोरलेत, त्यांच्यामध्ये मूर्तींसाठी कोनाडे आहेत. वालुकाश्माचे चिरे नीट घडवून एकावर एक बसवलेत. आत गाभारा, त्याच्याभोवती फिरायची वाट, पुढे खांबांचा मंडप. मंडपातून वर जायला पायऱ्या आहेत, आणि वर, बरोबर गाभाऱ्याच्या डोक्यावर, आणखी एक खोली आहे. म्हणजे एकावर एक दोन गाभारे. आत बसलेल्या जिनाची झिजलेली मूर्ती आहे. याच देवळातली अंबिका यक्षी, सिंहासह, आता ऐहोळेच्याच संग्रहालयात ठेवली आहे.

आणि मग दिसतं ते सगळ्यात मोलाचं: काम अर्धवट आहे. कोनाडे रिकामे आहेत. काही ठिकाणी चिरा भिंतीत बसलाय, पण त्यावर जे कोरायचं होतं ते कोरलेलंच नाही.

या अर्धवटपणातून बांधकामाची पद्धत कळते. कोरायचा राहिलेला दगड जर भिंतीत बसलेला असेल, तर याचा सरळ अर्थ असा की आधी चिरे रचले गेले आणि नक्षी नंतर जागेवर कोरायची होती. गवंडी पुढे, मूर्तिकार मागे. पूर्ण झालेल्या देवळात हा क्रम दिसत नाही, सगळं एकजीव होऊन जातं. इथे दिसतो. आमच्या धंद्यात सांगायचं तर शिलालेख म्हणजे रिलीज नोट्स आणि इमारत म्हणजे कोड. रिलीज नोट्समध्ये सगळं झक्कास असतं. कोड उघडला की ठिकठिकाणी ‘हे नंतर करायचंय’ अशा टिपा सापडतात. रविकीर्तीच्या लेखात देऊळ झालेलं आहे. भिंतीवर ते अजून चाललेलं आहे. कुठलाही जाणता माणूस दोन्ही वाचेल. आपण फक्त रिलीज नोट्स वाचल्या आणि त्यावर चौदाशे वर्षांचा अभिमान उभा केला.

प्रशस्ती ही जाहिरात असते हेही आपण सोयीने विसरतो. लेखात कांचीचे पल्लव पुलकेशीपुढे तटाच्या आड दडतात. लेख कोरल्यावर सात-आठ वर्षांतच पल्लव नरसिंहवर्मनने थेट बदामी घेतली. बदामीच्या खडकावर त्याचाही लेख आहे. हर्षाच्या बाबतीत मात्र रविकीर्तीला बाहेरचा साक्षीदार आहे. चिनी यात्रेकरू ह्युएन त्संग साधारण ६४१ च्या सुमारास या भागात होता आणि हर्षाला या राजाला जिंकता आलं नाही असं त्यानेही लिहिलंय. म्हणजे एकाच प्रशस्तीतलं एक विधान टिकतं आणि दुसरं लवकरच उलटतं. ‘शिलालेखात लिहिलंय’ एवढं म्हणून वाद संपत नसतो.

*

याच लेखाची तारीख घेऊन आणखी एक फॉरवर्ड फिरतो. रविकीर्तीने तारीख दोन पद्धतींनी दिली आहे: शकाची ५५६ वर्षं आणि भारतीय युद्धाला झालेली ३,७३५ वर्षं. झालं. ‘महाभारत इसवी सनपूर्व ३१०२ च्या सुमारास झालं, शिलालेखाचा पुरावा!’

हा पुरावा कशाचा आहे? सातव्या शतकात लोक कलियुगाची गणना अशी करत होते, याचा. ही गणना त्याआधीही होती. आर्यभटाने आपल्या वयाच्या तेविसाव्या वर्षी कलियुगाची ३,६०० वर्षं झाली होती असं सांगितलंय. ते वर्ष इसवी सन ४९९. ज्योतिषाचं गणित आधी ठरलेलं, रविकीर्तीने त्यात आपलं साल बसवलं. माझ्या फोनमधलं घड्याळ १ जानेवारी १९७० पासूनचे सेकंद मोजतं. म्हणून जग १९७० साली सुरू झालं असं कोणी म्हणत नाही.

तारखेचा खरा उपयोग वेगळाच आहे, आणि तो फॉरवर्डमध्ये कधीच येत नाही. दख्खनमध्ये दगडात बांधलेली जी सुरुवातीची देवळं आहेत, त्यातल्या बहुतेकांवर तारीख नाही. मेगुतीवर आहे, भिंतीतच. त्यामुळे बाकीच्यांचं वय ठरवताना अभ्यासक मेगुतीचा खुंटा धरतात: जोत्याची घडण याच्या आधीची की नंतरची, खांब साधे की पुढच्या वळणाचे. ऐहोळेच्याच लाड खान देवळाला शंभर वर्षांपूर्वी पाचव्या शतकातलं मानायचे, कारण ते ओबडधोबड दिसतं आणि ओबडधोबड म्हणजे जुनं असा समज होता. आता बहुतेक अभ्यासक त्याला सातव्या-आठव्या शतकात आणतात. म्हणजे जे घडीव दिसतं ते आधीचं आणि जे राकट दिसतं ते नंतरचं असंही होऊ शकतं. हे कळायला तारीख असलेली इमारत लागते. नुसता तारखेचा दगड पुरत नाही. हा लेख उचलून संग्रहालयात ठेवला असता, तर आपल्याला एक राजा कळला असता, पण देऊळ बांधण्याची कला कशी वाढली ते कळलं नसतं.

*

‘एका देवळावरून एवढा तमाशा?’ असं वाटत असेल तर आणखी दोन ठिकाणं दाखवतो.

पहिलं श्रवणबेळगोळ. मराठीतला सर्वात जुना शिलालेख कुठला, हा प्रश्न शाळेपासून आपल्या मागे आहे. बरीच वर्षं उत्तर ठरलेलं होतं: गोमटेश्वराच्या पायाशी असलेली चावुंडरायाची ओळ. मग रायगड जिल्ह्यातला अक्षीचा लेख पुढे आला, शक ९३४ म्हणजे १०१२ चा. वाद सुरू झाला. कोकणी अभ्यासक म्हणाले, ती ओळ कोकणी आहे. आपण त्वेषाने भांडलो. पण ती ओळ म्हणते काय? चावुंडरायाने करविले. आणि पुढे: गंगराजाने सभोवतालचं ‘सुत्ताले’ करविले. म्हणजे मूर्ती एकाने करवली, तिच्याभोवतीचा बंदिस्त ओवऱ्यांचा भाग दुसऱ्याने. दहाव्या शतकाच्या शेवटी अखंड खडकातून सतरा मीटरहून उंच मूर्ती कोरली गेली, आणि गंगराज हा बाराव्या शतकातला होयसळांचा सेनापती. एवढ्याशा मजकुरात एका जैन तीर्थाच्या बांधकामाचे दोन टप्पे आले आहेत. मूर्तीच्या पायांशी हेच कन्नडमध्येही लिहिलंय आणि तमिळमध्येही. यात्रेला येणाऱ्याला आपापल्या भाषेत कळावं, म्हणून. आपण त्या तिघींमधून आपली ओळ कापून घरी आणली आणि क्रियापदाच्या प्रत्ययावर पन्नास-शंभर वर्षं वाद घातला. ‘करविले’ म्हणजे काय करविले, हे विचारायचं राहूनच गेलं.

दुसरं ठिकाण आपलंच. वेरूळ. ३४ लेणी: पहिली बारा बौद्ध, मग एकोणतिसाव्यापर्यंत हिंदू, शेवटची पाच जैन. सोळाव्यातलं कैलास बघून झालं की सहली परतीच्या वाटेला लागतात. माझी शाळेची सहलही तशीच परतली होती. जैन लेणी पार उत्तर टोकाला आहेत, तिथपर्यंत कोण जाणार? त्यातल्या बत्तिसाव्याला ‘इंद्रसभा’ म्हणतात. नावच चुकीचं आहे. हत्तीवर बसलेल्या यक्षाला कोणीतरी इंद्र समजलं आणि नाव चिकटलं. समोर सिंहावर बसलेली अंबिका आहे, तीच जी मेगुतीलाही होती. अंगणात एकाच खडकातून कोरलेलं छोटं देऊळ आहे, शेजारी दगडी हत्ती आहे. आणि बघा, इथेही काम अर्धवट आहे. पण उलट्या बाजूने. वरचा मजला नक्षीने भरलेला आहे, खालचा अपुरा. कारण लेणं वरून खाली खोदत आणतात, थांबलं की तळ राहतो. मेगुती खालून वर रचत नेलं आणि राहिली ती कोरणी. या दोन अर्धवट जागा शेजारी ठेवल्या की बांधीव देऊळ आणि कोरीव लेणं यातला फरक दहावीच्या मुलालाही कळेल. कुठल्या पाठ्यपुस्तकात या दोघांचे फोटो शेजारी छापलेत?

*

आता उलट बाजू. मी हे सगळं रूममेटला ऐकवलं तेव्हा त्याने मला सोडलं नाही.

त्याचं पहिलं म्हणणं: ‘‘भावा, शिलालेख महत्त्वाचा आहेच ना? त्याच्याशिवाय पुलकेशीचा अर्धा इतिहास कळला नसता.’’ मान्य. फ्लीट आणि कीलहॉर्न यांनी तो वाचून छापला नसता तर आपण आज अंधारात असतो. पण त्यांनी अख्खा छापला, पहिल्या श्लोकापासून शेवटच्या गावापर्यंत. कापाकापी नंतरच्यांनी केली. वाचणाऱ्याला वेळ नव्हता म्हणून नाही. मधल्या भागाला बाजारात भाव होता म्हणून.

दुसरं: ‘‘महाराष्ट्राचा उल्लेख आला तर अभिमान वाटायला नको?’’ वाटू दे की. मलाही वाटतो. पण मग पूर्ण किंमत मोजून वाटू दे. आपल्या नावाचा हा जुना उल्लेख आज कर्नाटकात असलेल्या टेकडीवर आहे, जुन्या कन्नड लिपीत आहे, संस्कृतात आहे, एका जैन कवीने जिनाच्या घराच्या भिंतीवर कोरवलेला आहे, आणि ज्या राजाच्या स्तुतीत तो येतो त्याच्यावर कन्नड लोकही तेवढ्याच हक्काने दावा करतात. ह्युएन त्संग त्याच राजाच्या देशाला महाराष्ट्र म्हणतो. या सगळ्यासकट जो अभिमान टिकेल तो खरा. यातलं काही लपवावं लागत असेल, तर तो अभिमान नाही, उसनवारी आहे.

आणि कन्नड ग्रुपवर हाच फोटो दुसऱ्या रंगाच्या झेंड्याखाली फिरतो. ऑफिसातल्या हुबळीच्या मित्राने मला दाखवला. कात्री तीच, कापलेली बाजूही तीच. देऊळ दोन्हीकडे नाही.

तिसरं म्हणणं रूममेटचं नाही, पण मी खूपदा ऐकलंय: ‘‘जैन देऊळ ना? मग जैन लोक बघतील. पैसेवाले आहेत.’’ हे वाक्य मला सगळ्यात जास्त टोचतं. जैन म्हटलं की आपल्याला आजची दुकानं आणि संगमरवरी मंदिरं आठवतात. मराठी आणि कन्नड बोलणारा, शेती करणारा जैन समाज सांगली-कोल्हापूर-बेळगाव पट्ट्यात शतकानुशतकं आहे, हे पुण्या-मुंबईत राहून कळतच नाही. दख्खनमधली दगडी देऊळ बांधायची कला ज्या इमारतींवरून समजते त्यातली एक महत्त्वाची इमारत जैन आहे. तिला ‘त्यांचं’ म्हणून बाजूला ठेवलं तर ‘आपल्या’ देवळांचं वयही आपल्याला ठरवता येणार नाही. खांब, जोतं, चिरे यांची भाषा सगळ्यांची एकच होती. त्याच मेगुतीच्या टेकडीवर थोडं खाली दोन मजली बौद्ध वास्तू आहे, मागच्या बाजूला त्या सगळ्यांहून जुनी महापाषाणकाळातली दगडी थडगी आहेत. यावरून ‘पूर्वी सगळे किती गुण्यागोविंदाने राहायचे’ असा आणखी एक गोड फॉरवर्ड बनवू नका, प्लीज. तोसुद्धा कात्रीचाच फोटो. मी एवढंच म्हणतोय की टेकडी एक आहे, आणि ती पूर्ण बघायला अर्धा तास लागतो.

चौथं म्हणणं सगळ्यात खरं होतं. रूममेट म्हणाला, ‘‘तुला पगार आहे. मला एक मार्क पाहिजे. पेपरात जोत्याची घडण विचारत नाहीत.’’ यावर माझ्याकडे उत्तर नव्हतं, आणि दोष त्याचा नाहीच. लाखो मुलं इतिहास वाचतात तो चार पर्यायांतला एक निवडण्यासाठी. त्या मुलांसाठी पेपर काढणाऱ्यांना माझं सांगणं आहे: रविकीर्ती कोणाचा दरबारी कवी होता हे विचारा, हरकत नाही. पण एकदा तरी विचारा, ऐहोळेचा लेख कशाच्या भिंतीवर आहे? मेगुतीच्या कोरणीवरून बांधकामाचा क्रम कसा ठरतो? दोन वर्षं असे प्रश्न आले तर गाइडवाले स्वतःच्या खर्चाने टेकडी चढून फोटो काढून आणतील.

आणि आपण, म्हणजे ज्यांना मार्क नकोत, फक्त फोन आहे? आपल्याला तर काहीच सबब नाही. लेखाचा फोटो काढायचा तर चार पावलं मागे या आणि अख्खी भिंत घ्या. आत जा. रील करणार असाल तर ‘रहस्यमय’ आणि ‘आजच्या सायन्सलाही जमणार नाही’ हे दोन शब्दप्रयोग वर्ज्य करा. जमतं, आणि कसं जमलं ते भिंतीवरच दिसतंय. माणसांनी चिरा चिऱ्यावर ठेवून, मापं घेऊन, उन्हात बसून केलेल्या कामाला रहस्य म्हणणं हा त्यांचा मान नाही. त्यांचं काम न बघण्याची ती सभ्य पद्धत आहे.

*

यंदा एक मेला सकाळीच आत्याचा फोटो आला. तोच, झेंड्यांसकट. मी या वेळी तो पुढे ढकलला नाही. खाली माझा फोटो टाकला: अख्खं देऊळ, रिकामे कोनाडे, कोपऱ्यात सावलीत बसलेला राखणदार, आणि भिंतीवर, नीट बघितलं तरच दिसेल इतका छोटा, तो लेखाचा चौकोन. सोबत एक ओळ लिहिली की आत्या, तुझा दगड या भिंतीत आहे.

दोन तास कोणी काही बोललं नाही. ग्रुपवर लग्नाच्या आमंत्रणाचा पीडीएफ आला, कोणीतरी आंब्याचा भाव विचारला. मग दुपारी काकांचा मेसेज आला. ते एसटीतून निवृत्त झालेत, एरवी फक्त अंगठा दाखवतात.

‘‘हे कुठलं रे देऊळ? आत काय आहे?’’